केरी काउंटी चॅम्पियनशिप २०२२: चॅम्पियन एक आणि पुढे गेला दुसराच? कुणीतरी नीट समजावा

नवा_किलार्नीकर

नमस्कार मंडळी. मी यावर्षीच पुण्याहून आयर्लंडमधल्या केरी काउंटीतल्या (काउंटी म्हणजे आपला जिल्हाच) किलार्नीला आलोय, एका हॉटेलात फ्रंट ऑफिसला आहे. गेलिक फुटबॉल, म्हणजे आयरिश लोकांचा स्वतःचा फुटबॉल, हे इथे येईपर्यंत माहीत नव्हतं. २०२५ च्या जुलैमध्ये केरीने डोनेगलला ऑल-आयर्लंड, म्हणजे काउंटी-काउंटींच्या देशपातळीच्या स्पर्धेच्या, फायनलमध्ये धुतलं (१-२६ विरुद्ध ०-१९) तेव्हा गावात जो काय कल्ला झाला तो बघून मीही हिरवा-पिवळा स्कार्फ घेतला, म्हटलं आपलं गाव जिंकलंय. मला वाटलं झालं, संपला सीझन, आता ही माणसं शांत होतील. कसलं काय! आता स्टाफरूममध्ये सगळे म्हणतात खरी मजा आत्ता सुरू होणार, काउंटी चॅम्पियनशिपची.

प्रॉब्लेम असा आहे की आमच्याकडे एक जण फॉसाचा, एक किलऑर्ग्लिनचा आणि एक ट्रलीचा आहे, आणि २०२२ चा विषय निघाला की तिघांचं जे जुंपतं ते काही केल्या मला कळत नाही. फॉसावाला म्हणतो आम्ही सगळं जिंकलो. किलऑर्ग्लिनवाला म्हणतो तुम्ही नाही, अर्ध्या तालुक्याने मिळून जिंकलं. ट्रलीवाला काहीच बोलत नाही, चहाचा मग उचलतो आणि बाहेर जातो. परवा फॉसावाल्याने हाउसकीपिंगच्या चार्टमागे चौकोन आणि बाण काढून समजवायचा प्रयत्न केला, त्यात केरीचा स्टार खेळाडू डेव्हिड क्लिफर्डचं नाव तीन चौकोनांत होतं आणि एक बाण कुठेच जात नव्हता, नुसता हवेत. मी विचारलं हा बाण कुठे जातो, तर म्हणाला तोच तर वाद आहे.

तर माझा प्रश्न साधा आहे. एकच माणूस एकाच सीझनमध्ये दोन-दोन टीमकडून कसा खेळतो? ईस्ट केरी चॅम्पियन झाली तर पुढे मन्स्टरला, म्हणजे प्रांताच्या स्पर्धेला, दुसराच क्लब कसा काय गेला? आणि हे स्टॅक्स म्हणजे काय प्रकरण आहे, ज्याचं नाव काढलं की ट्रलीवाला उठून जातो? यंदा मॅचला जायचंय, पण काही न कळता टाळ्या वाजवायला लाज वाटते.

ट्रलीची_वहिनी

भाऊ, तुमच्या ट्रलीवाल्याला त्रास देऊ नका, त्याच्या जखमेवर मीठ चोळताय तुम्ही :) मी ऑस्टिन स्टॅक पार्कपासून चालत जाण्याएवढ्या अंतरावर राहते, मॅच असली की गाडी काढता येत नाही, त्यामुळे नाइलाजाने सगळं शिकले. सांगते.

आधी एक गोष्ट डोक्यात पक्की करा की केरीमध्ये चॅम्पियनशिप एक नाही, दोन आहेत, आणि नावं इतकी सारखी आहेत की नवीन माणूस फसतोच. पहिली सीनियर क्लब चॅम्पियनशिप. त्यात फक्त ८ सीनियर क्लब, म्हणजे जे एकेकटे मोठे आहेत ते, किलार्नीचे डॉ. क्रोक्स, डिंगल, २०२२ ला आमच्या ट्रलीतले केरिन्स ओ'राहिलीजही, वगैरे. ही आधी होते. मग दुसरी, मोठी, काउंटी चॅम्पियनशिप, जिचा कप बिशप मॉयनिहन कप. तिच्यात तेच ८ क्लब असतात आणि वर ८ डिव्हिजनच्या टीम, एकूण १६, चारचे चार ग्रुप. डिव्हिजन म्हणजे काय, तर जे क्लब सीनियरच्या खालच्या इंटरमीजिएट किंवा ज्युनियर ग्रेडला (हे वय नाही, दर्जाच्या पायऱ्या) खेळतात त्यांची त्या त्या भागातली निवडक पोरं एकत्र करून केलेली टीम. ईस्ट केरी, मिड केरी, साउथ केरी, वेस्ट केरी, फील रेंजर्स, शॅनन रेंजर्स, सेंट ब्रेंडन्स, सेंट कीरन्स.

आता फॉसा. किलार्नीच्या बाहेर तलावाकाठचं गाव, लहान क्लब, २०२२ मध्ये ज्युनियर ग्रेडला होता. जगातला सगळ्यात भारी गेलिक फुटबॉलर तिथला, पण क्लब ज्युनियर. म्हणून क्लिफर्ड फॉसाकडून ज्युनियर चॅम्पियनशिप खेळणार, ईस्ट केरीकडून काउंटी चॅम्पियनशिप खेळणार आणि केरीकडून ऑल-आयर्लंड. झाले की नाही तीन चौकोन? त्यात नियम मोडण्यासारखं काही नाही, नियमच तसा आहे. आपल्याकडे मुंबईत नाही का, एकच बॅट्समन पावसाळ्यात क्लबकडून कांगा लीग खेळतो आणि ऑफिसकडून टाइम्स शील्ड, तसं समजा.

आणि हवेतला बाण म्हणजे हे: काउंटी चॅम्पियन डिव्हिजन झाली तर ती मन्स्टर क्लब चॅम्पियनशिपला जाऊ शकत नाही, कारण ती क्लबच नाही. मग केरीच्या वतीने कोण जाणार, तर आधी झालेल्या सीनियर क्लब चॅम्पियनशिपचा विजेता. २०२२ मध्ये ते केरिन्स ओ'राहिलीज होते, इथे सगळे नुसतं राहिलीज म्हणतात.

स्टॅक्सचं नंतर सांगते, दुपारची शिफ्ट आहे.

नवा_किलार्नीकर

वहिनी, एवढं सोप्या भाषेत आठ महिन्यांत कुणी सांगितलं नव्हतं. पण म्हणजे २०२२ मध्ये फायनल जिंकली ईस्ट केरीने, हरले मिड केरी, आणि पुढे गेले राहिलीज, जे त्या फायनलमध्ये नव्हतेच?? हे म्हणजे कसं वाटतं लोकांना?

कॉर्ककर_अण्णा

वहिनींनी बरोबर सांगितलंय, फक्त एक भर. "क्लबच नाही म्हणून पुढे जात नाही" हे काही पहिल्यापासून नव्हतं. क्लबांची ऑल-आयर्लंड चॅम्पियनशिप सुरू झाली तेव्हा १९७१ ची पहिलीवहिली फायनल जिंकली कुणी माहितीये? ईस्ट केरीने! डाउन काउंटीच्या ब्रायन्सफर्डला हरवून. म्हणजे ट्रॉफीवर पहिलं नाव ज्यांचं, त्यांनाच नंतर दार बंद. फॉसावाल्याला ही गोष्ट सांग, तो तुला आठवडाभर चहा पाजेल.

आणि हा फक्त केरीचा घोळ नाही. आमच्या कॉर्कमध्येही डिव्हिजन आहेत, शिवाय कॉलेजच्या टीमही येतात. हर्लिंगमध्ये (काठी-चेंडूचा आयरिश खेळ) इमोकिली नावाची डिव्हिजन २०१७, १८, १९ सलग तीन वर्षं चॅम्पियन. मग ओरड झाली, फॉरमॅट बदलला, आता डिव्हिजन आणि कॉलेज यांची वेगळी स्पर्धा होते आणि त्यातून वर जायची वाट अरुंद केलीय. तरी २०२४ ला इमोकिली परत जिंकलीच, फायनलमध्ये सार्सफील्ड्सना हरवून. आता गंमत बघ. इमोकिली पुढे जाऊ शकत नाही म्हणून हरलेले सार्सफील्ड्स मन्स्टरला गेले, आणि तिथे बॅलिगनरसारख्या दादा टीमला हरवून मन्स्टर चॅम्पियन झाले! काउंटी हरलेले, प्रांत जिंकलेले. नंतर ऑल-आयर्लंड फायनलला डब्लिनच्या ना फिआनाने हरवलं, पण तिथपर्यंत तर गेले.

माझं स्पष्ट मत आहे की डिव्हिजनला वेगळा कप द्या आणि काउंटीचा कप क्लबांना ठेवा. दहा-बारा गावांतली उत्तम पोरं गोळा करायची आणि एका गावाच्या क्लबविरुद्ध उतरवायची, आणि मग म्हणायचं बघा आम्ही कसे भारी. यात काय मजा.

ट्रलीची_वहिनी

अण्णा, कॉर्कवाल्याने केरीला फुटबॉल शिकवायचा म्हणजे जरा जास्तच झालं :)

मी तुमच्याशी अर्धी सहमत आहे. ईस्ट केरीचं प्रकरण २०१९ पासून जड झालं हे खरंच. २०१९, २०२०, २०२२, २०२३, पाच वर्षांत चार वेळा चॅम्पियन. मधलं एक २०२१ सोडलं तर दुसऱ्या कुणाला कप दिसला नाही. आणि २०२२ ची टीम तर बघा कशी होती. फॉसा त्या सीझनचा ऑल-आयर्लंड ज्युनियर चॅम्पियन झाला, आणि राथमोर ऑल-आयर्लंड इंटरमीजिएट चॅम्पियन. दोन्ही कप जानेवारी २०२३ ला डब्लिनच्या क्रोक पार्क स्टेडियमवर. आणि हे दोन्ही क्लब ईस्ट केरीला पोरं देणारे! म्हणजे देशातल्या दोन ग्रेडचे विजेते एकाच जर्सीत. मिड केरीच्या वाट्याला बोफर्ट, मिलटाउन-कॅसलमेन, कील, क्रोमेन, किलऑर्ग्लिनचे लाउन रेंजर्स असली मंडळी, चांगली आहेत, पण समोर डेव्हिड आणि पॉडी क्लिफर्ड आणि राथमोरची सगळी फळी. किलऑर्ग्लिनवाला चिडणारच की, आणि पुढच्या वर्षी २०२३ ला पण फायनल त्याच दोघांची आणि निकाल तोच.

राथमोरची एक मजा सांगते. केरीचा गोलकीपर शेन रायन राथमोरचा आहे, आणि क्लबकडून तो गोलमध्ये उभा राहत नाही, फॉरवर्डला खेळतो आणि स्कोअर करतो. क्रोक पार्कवर जुलैमध्ये गोलसमोरून किकआउट घेणारा माणूस काही आठवड्यांनी गावच्या मैदानावर समोरच्या गोलकीपरला सतावताना बघायचा, ते फक्त क्लब फुटबॉलमध्येच दिसतं.

पण अर्धी असहमत अशी की डिव्हिजन नसती तर क्रोमेन किंवा फॉसाच्या पोराने सीनियर फुटबॉल कधी खेळायचा? क्लब बदलून? इथे क्लब बदलणं म्हणजे गाव सोडण्यासारखं मानतात. क्लब म्हणजे पॅरिश, चर्चच्या हद्दीतलं गाव, बाप ज्या क्लबचा पोरगा त्याच क्लबचा. पगार नाही, करार नाही, सगळे नोकरीधंदा सांभाळून खेळतात, क्लिफर्ड स्वतः शाळेत मास्तर आहे. लहान क्लबच्या पोराला आपलं गाव न सोडता मोठ्या मॅच मिळाव्यात म्हणून डिव्हिजन, आणि त्यामुळेच केरीच्या काउंटी टीमला कानाकोपऱ्यातली पोरं सापडतात.

डोंबिवली_ते_डब्लिन

क्लब बदलणं म्हणजे गाव सोडणं म्हणालात म्हणून मध्ये तोंड घालतो, कारण त्याच २०२२ च्या सीझनला यावरून सगळ्या देशात आग लागली होती. गॉलवेचा शेन वॉल्श. जुलैच्या ऑल-आयर्लंड फायनलमध्ये केरीविरुद्ध एकट्याने ९ पॉइंट मारले, तरी गॉलवे हरली ०-२० विरुद्ध ०-१६. आणि लगेच बातमी आली की तो गावचा क्लब किलकेरिन-क्लॉनबर्न सोडून डब्लिनच्या किलमकड क्रोक्सला चाललाय, कारण राहतो डब्लिनमध्ये. अरे बापरे, रेडिओवर आठवडेच्या आठवडे तेच. गावाने वाढवला आणि शहराच्या श्रीमंत क्लबने नेला, असा सूर. नियमाने ट्रान्सफर झाली, त्यात गैर काही नव्हतं, पण लोकांना ते गिळायला जड गेलं.

आणि तुमच्या केरीच्या गोष्टीत हेच क्रोक्स पुढे येतात. राहिलीज केरीकडून गेले, लिमरिकच्या न्यूकॅसल वेस्टला हरवून मन्स्टर जिंकले, आणि जानेवारीत ऑल-आयर्लंड सेमीला समोर कोण, किलमकड क्रोक्स. तिथे राहिलीज संपले. (नवीन माणसासाठी: किलार्नीचे डॉ. क्रोक्स वेगळे, डब्लिनचे किलमकड क्रोक्स वेगळे, आणि स्टेडियमचं नाव क्रोक पार्क. पहिले सहा महिने मी पण गोंधळलो होतो.)

फायनल २२ जानेवारी २०२३, क्रोक्स विरुद्ध डेरीचे ग्लेन. क्रोक्स १-११ विरुद्ध १-९ जिंकले, म्हणजे दोन पॉइंटने. पण शेवटच्या मिनिटाला ग्लेनचा शेवटचा हल्ला चालू असताना क्रोक्सचे मैदानावर १५ च्या ऐवजी जास्त लोक! बदली खेळाडू आत आले, पण ज्यांना बाहेर जायचं होतं ते गेलेच नाहीत, आणि गोलसमोर ही गर्दी. टीव्हीवर लोकांनी फ्रेम थांबवून डोकी मोजली. मग काय, ग्लेनने तक्रार केली, समितीने मॅच परत खेळवायचा आदेश काढला, क्रोक्सने अपील केलं, ते मान्य झालं, आणि शेवटी ग्लेनने आता पुढे लढायचं नाही असं ठरवलं. कप क्रोक्सकडेच राहिला. पण ग्लेनने पुढच्याच वर्षी रॉसकॉमनच्या सेंट ब्रिजिड्सना हरवून तो कप घेतला, २-१० विरुद्ध १-१२. आपल्याला बुवा ते जास्त आवडलं.

पालेभाजी_कुठे_मिळेल

विषयांतर करतोय माफ करा पण किलार्नी ट्रली भागात मेथी आणि अळू कुठे मिळतं का?

ट्रलीची_वहिनी

मेथी मी कुंडीत लावते, अळू विसरा. वेगळा धागा काढा, सविस्तर सांगेन.

नवा_किलार्नीकर

हा धागा मी प्रिंट काढून स्टाफरूमला लावणार आहे. डोंबिवलीकर, ते जास्तीच्या माणसांचं ऐकून मी फॉसावाल्याला विचारलं, तर तो म्हणाला "सतरा होते, सतरा", आणि किलऑर्ग्लिनवाला म्हणाला "ईस्ट केरीकडे तर दर मॅचला सतरा असतात". म्हणजे भांडण कुठूनही सुरू केलं तरी तिथेच येतं.

वहिनी, स्टॅक्सचं राहिलं. आणि एक छोटी शंका, स्कोअर १-११ म्हणजे एकूण किती? आणि २०२५ च्या जुलैच्या फायनलला लांबून मारलेल्याचे दोन मिळत होते, मग वॉल्शचे ९ म्हणजे ९ च का?

ट्रलीची_वहिनी

गोल म्हणजे ३, बारच्या वरून गेला तर १. पहिला आकडा गोल, दुसरा पॉइंट. १-११ म्हणजे १४, आणि १-९ म्हणजे १२. दोनवाला नियम २०२५ पासूनचा आहे, ४० मीटरच्या कमानीबाहेरून मारला तर दोन, २०२२ ला तो नव्हता. आणि क्लबची मॅच ६० मिनिटांची असते, काउंटीसारखी ७० नाही, म्हणजे पहिल्यांदा गेलात तर "एवढ्यात संपली?" म्हणू नका.

आता स्टॅक्स. ऑस्टिन स्टॅक्स म्हणजे ट्रलीतल्या रॉक स्ट्रीटचा क्लब, अभिमान एवढा की विचारू नका. २०२१ ला त्यांनी काउंटी फायनल जिंकली, तीही समोर गावातलेच राहिलीज असताना. ट्रलीतल्या ट्रलीत फायनल! त्या आठवड्यात आमच्या वॉर्डात अर्धी मंडळी एकमेकांशी फक्त कामापुरतं बोलत होती.

आणि केरीत एक जुनी पद्धत आहे जी तुम्हाला फॉसावाल्याने नक्की सांगितली नसेल, कारण त्याला ती गृहीत आहे. काउंटी चॅम्पियन जो होईल तो पुढच्या वर्षीच्या केरी टीमचा कॅप्टन सुचवतो. म्हणून २०२२ चा कॅप्टन स्टॅक्सचा जो ओ'कॉनर. तो गुडघ्यामुळे फायनलला खेळू शकला नाही, मैदानावर कॅप्टन शॉन ओ'शे होता, आणि जुलैमध्ये सॅम मॅग्वायर कप दोघांनी मिळून उचलला. म्हणजे स्टॅक्सच्या पोराच्या हातात देशातला सगळ्यात मोठा कप. आणि त्याच वर्षी, त्याच सीझनला, स्टॅक्स सीनियरमधून खाली घसरले. इंटरमीजिएटला! काउंटी चॅम्पियन, एका वर्षात खाली. ८ च सीनियर क्लब ठेवले की असंच होणार, एक खराब ऑगस्ट आणि गेलात. शेजारचे राहिलीज मात्र त्याच सीझनला मन्स्टर चॅम्पियन. आता कळलं ना तुमचा ट्रलीवाला चहाचा मग घेऊन बाहेर का जातो?

आणि यामुळेच डिव्हिजनच्या कपाला "नुसती हौस" म्हणता येत नाही, अण्णा. ईस्ट केरी पुढे मन्स्टरला जात नसेल, पण २०२२ जिंकली म्हणून २०२३ ला केरीचा कॅप्टन डेव्हिड क्लिफर्ड, २०२३ जिंकली म्हणून २०२४ ला पॉडी क्लिफर्ड. २०२४ ला डॉ. क्रोक्सने डिंगलला हरवलं म्हणून २०२५ ला गॅव्हिन व्हाइट, आणि त्यानेच जुलैत कप उचलला. काउंटी फायनलला एवढी चुरस असते त्यात हेही एक आहे.

कॉर्ककर_अण्णा

कॅप्टनची पद्धत मला तर अजून चुकीची वाटते. टीमचा कॅप्टन मॅनेजरने ठरवावा, क्लबने काय? उद्या चॅम्पियन क्लबमधून एकच पोरगा काउंटी टीममध्ये असेल आणि तोही बेंचवर, मग बेंचवरचा कॅप्टन? तुम्हीच सांगितलंत की २०२२ ला मैदानावर दुसराच कॅप्टन होता.

पण एक मान्य करतो. राहिलीज पुढे गेले आणि मन्स्टर जिंकले, २०२३ ला डिंगल तसेच गेले आणि मन्स्टर फायनलला आमच्या कॉर्कच्या कॅसलहेवनकडून पेनल्टीवर हरले (हे मुद्दाम सांगतोय वहिनी). म्हणजे केरीकडून जाणारा क्लब "बदली" म्हणून कमी दर्जाचा होता असं काही दिसत नाही. माझा आक्षेप दर्जावर नाहीच, कुणाला चॅम्पियन म्हणायचं यावर आहे. एका काउंटीत एका वर्षी दोन चॅम्पियन, आणि दोघेही म्हणतात खरे आम्हीच.

डोंबिवली_ते_डब्लिन

अण्णा, डब्लिनमध्ये एकच चॅम्पियन असतो आणि तो कोण असेल हे बऱ्याचदा आधीच माहीत असतं. दोन-चार प्रचंड क्लब, हजारो मेंबर, लहान क्लबचा पोरगा जन्मभर खालच्या ग्रेडला. तुमच्याकडे निदान फॉसाचा पोरगा काउंटी फायनल खेळतो.

ट्रलीची_वहिनी

हे म्हणतेय मी केव्हाची.

आणि भाऊ, तुमचा फॉसावाला "सगळं जिंकलो" म्हणतो ते डेव्हिडच्या बाबतीत अक्षरशः खरं आहे, एकदा ओळीने बघा. जुलै २०२२ केरीसोबत ऑल-आयर्लंड. शरदात ईस्ट केरीसोबत काउंटी चॅम्पियनशिप. फॉसासोबत केरी ज्युनियर, मग मन्स्टर ज्युनियर, आणि जानेवारीत क्रोक पार्कवर ऑल-आयर्लंड ज्युनियर, टिरोनच्या स्टुअर्टस्टाउन हार्प्सविरुद्ध ०-१९ विरुद्ध १-१३. गोल एकही न मारता तीन पॉइंटने जिंकले. तीही मॅच साधी नव्हती हो. शेवटी शेवटी एवढी तापली की डेव्हिड आणि पॉडी, दोघा भावांना रेफरीने बाहेर काढलं. ज्युनियर फायनल, जिथे एरवी गावची हजारभर माणसं येतात, तिथे त्यादिवशी सगळा देश टीव्हीसमोर. पुढे लीग सुरू झाली तेव्हा त्याला थोडी सुट्टी दिली, द्यायलाच हवी होती. २०२२ पासून काउंटीचा सीझन जुलैत संपवून उरलेलं वर्ष क्लबांना दिलंय, खेळाडूला श्वास घेता यावा हाही त्यामागचा विचार, पण जो सगळ्याच टीमकडून जिंकत सुटतो त्याला कसला श्वास.

त्यात गंमत अशी की ईस्ट केरीत एकत्र खेळणारी पोरं क्लबच्या मॅचला एकमेकांसमोर उभी असतात. एका रविवारी पास दिलेल्याला दुसऱ्या रविवारी खांदा मारायचा. माझ्या ओळखीतल्या एका बाई आहेत, त्यांचा पोरगा असाच खेळतो, त्या म्हणतात मी फक्त जर्सीचा रंग बघून ओरडते, चेहरा बघितला की पंचाईत होते.

नवा_किलार्नीकर

फॉसावाल्याला १९७१ सांगितलं. त्याला माहीत होतंच (चहा गेला). किलऑर्ग्लिनवाला म्हणाला हो का, मग तेव्हा बंदी घातली ते बरंच झालं. ट्रलीवाल्याला मी फक्त एवढंच म्हणालो की स्टॅक्स २०२४ ला इंटरमीजिएट जिंकून परत वर आले ना, तर गडी पहिल्यांदा बसून राहिला आणि मला यंदाचे ग्रुप समजावून सांगितले.

आता शेवटचं. मॅच कुठे बघू? आणि काय नेऊ बरोबर?

ट्रलीची_वहिनी

किलार्नीत आहात तर फिट्झगेराल्ड स्टेडियमला एखादी ग्रुपची मॅच लागेलच, चालत जा, डोंगर समोर दिसतो, बघायला मैदान यापेक्षा सुंदर नाही. पण एक तरी मॅच आमच्या ट्रलीला ऑस्टिन स्टॅक पार्कला बघा. मैदान लहान, माणूस एवढा जवळ की कोच काय शिव्या देतोय ते ऐकू येतं. तिकीट आधी ऑनलाइन काढा, गेटवर पैसे घेतीलच असं धरून चालू नका. छत्री नेऊ नका, मागचा माणूस बोलेल, रेनकोट घाला. आणि फ्लास्क. हाफटाइमला चहाची लाइन संपेपर्यंत दुसरा हाफ सुरू होतो.

घरी बसून बघायचं असेल तर रविवारी टीजी४ या आयरिश भाषेतल्या चॅनेलवर क्लबच्या मॅच लागतात. कॉमेंटरी आयरिशमध्ये असते, पहिल्यांदा काही कळत नाही, पण स्कोअर समोर दिसतो आणि आवाज कधी चढतो ते कळतं, तेवढं पुरतं.

कॉर्ककर_अण्णा

आणि स्कार्फ. तो हिरवा-पिवळा केरीचा स्कार्फ घालून क्लबच्या मॅचला जाऊ नकोस, तिथे दोन्हीकडचे केरीचेच असतात, हसतील. कुठल्या बाजूला बसायचं ते आधी ठरव.

नवा_किलार्नीकर

ते ठरलंय. फॉसावाला आणि किलऑर्ग्लिनवाला दोघांनी एकाच मॅचला बोलावलंय, ईस्ट केरी विरुद्ध मिड केरी लागली तर. ट्रलीवाला म्हणतो तू मध्ये बस, मी येतो बघायला.